कागदावर छत्तीस, मैदानात एकोणीस

आमच्या फ्रिजवर मागे दोन महिने एक कागद चिकटवलेला होता. त्यावर माझ्या नातीच्या अक्षरात मोठ्ठे छत्तीस, त्याखाली दोन रेघा, आणि रेघांखाली लाल पेनने एकोणीस. शेजारीण साखर मागायला आली, तिने तो कागद वाचला आणि तिचे डोळे चमकले. तिला वाटलं, आम्ही पत्रिका जुळवतोय.

"एकोणीस म्हणजे वाईट नाहीत हो," ती म्हणाली. "अठराच्या वर आहेत. मुलगा कुठला?"

"लोखंडी आहे," मी म्हटलं आणि साखर दिली. ती अजून विचारते, त्या स्थळाचं पुढे काय झालं म्हणून.

खरं सांगायचं तर त्याच्या थोडंच आधीपर्यंत मलाही त्या आकड्यांचा अर्थ माहीत नव्हता. नात माझ्या मुलीची मुलगी, लातूरची. इथे इंजिनिअरिंगला प्रवेश मिळाला म्हणून निगडीला माझ्याकडे राहायला आली. कॉलेजमधून चार वाजता यायची, सॅक टाकायची, लॅपटॉप उघडायचा, की सहापर्यंत घरात धडाडधूम. माझी दुपारची झोप त्या दोन महिन्यांत जी गेली ती अजून पुरती परत आलेली नाही.

शेवटी मी तिच्या शेजारी खुर्ची ओढून बसलेच.

"हे छत्तीस काय गं?"

"डॅमेज, आज्जी. एका सेकंदाला."

"कुणाचं?"

"समोरच्याचं."

"त्याने काय केलंय तुझं?"

ती हसली नाही. पडद्यावर एक चार मजली धूड उभं होतं. दोन पाय, छातीत माणूस बसायची काचेची खोली, आणि हातांच्या जागी तोफा. आमच्याकडे रस्ता खणायला जेसीबी येतो, त्याला पाय फुटले आणि तो चिडला तर जसा दिसेल तसं. ती त्याला मेक म्हणायची. मी धूडच म्हणत राहिले. समोर त्याच्यासारखंच दुसरं धूड, पण बिनमाणसाचं, मैदानात डावीउजवीकडे येरझाऱ्या घालत होतं. ह्या धुडाने त्या धुडाला तीन मिनिटं मारायचं आणि मग खेळ आकडा सांगायचा, की दर सेकंदाला सरासरी किती इजा झाली.

"मग मार की. अडचण काय आहे?"

"अडचण ही आहे की कागदावर छत्तीस येऊ लागलेत आणि मैदानात एकोणीस. मधले सतरा कुठं जाऊ लागलेत तेच कळेना."

आणि मग तिने ते सांगितलं, जे ती रोज संध्याकाळी गॅलरीत जाऊन, रडत रडत, फोनवर फक्त आईला सांगायची. कॉलेजात तिचं कुणाशी जमलं नव्हतं. वर्गातल्या मुलींचे गट शाळेपासूनचे होते. ह्या खेळात मात्र पाच जणांची एक टीम होती, इथल्याच आसपासच्या लोकांची, आणि पाचवी जागा भरायची म्हणून त्यांनी तिला दोन महिने सोबत खेळवून पाहिलं होतं. रविवारी शेवटची परीक्षा होती. मैदानात पंचवीस आले तर ती पाचांत. नाही आले तर नाही.

"ही टीम गेली तर आज्जी, मी लातूरला परत जाणार. इथं माझं कुणीच नाही."

"आणि मी कोण, कपाट?"

"तसं नव्हं गं."

मला कळलं होतं तसं नव्हं ते. पण मला ती इथे हवी होती. हे तोंडाने बोलायची आमच्या घराण्यात पद्धत नाही, म्हणून मी म्हटलं, "दाखव तुझा कागद."

तिचा हिशोब चोख होता, हे आधी सांगते. दोन मोठ्या तोफा. प्रत्येकीचा मार चोवीस, पण एकदा डागली की तीन सेकंद थांबावं लागतं. म्हणजे सेकंदाला आठ, दोघींचे सोळा. चार लहान तोफा, प्रत्येकी दर सेकंदाला पाच, म्हणजे वीस. सोळा आणि वीस छत्तीस. मी बोटांवर केलं, पाटीवर करावं तसं कागदावर केलं, तिच्या मोबाईलवर केलं. तिन्ही वेळा छत्तीस. मग तिने मैदानात मारलं आणि तिन्ही वेळा एकोणीस.

मी म्हटलं, "नेम चुकतोय."

"थोडा चुकतो. पण निम्मा नाही चुकत."

"मग खेळच खोटं बोलतोय."

"खेळ कशाला खोटं बोलेल?"

"रिक्षाचे मीटर बोलतात की."

दोन दिवस आम्ही ह्याच्यापुढे गेलो नाही. ती तोफा बदलायची. मोठ्या तीन आणि लहान तीन करून पाहिल्या. कागदावर एकोणचाळीस, मैदानात अठरा. जास्त मारायला गेलं की कमी लागतंय, हे कुठल्या शाळेतलं गणित?

तिसऱ्या दिवशी मी कागद बाजूला ठेवला. तिला म्हटलं, तू मार, मी नुसती बघते. आणि डोळ्यांवर चष्मा चढवून, हातात तिचाच मोबाईल धरून त्यातलं घड्याळ चालू केलं. आता मी तोफा मोजत नव्हते. धूड काय करतंय ते मोजत होते. सोळा सेकंद ते बेफाम मारायचं. मग पडदा लाल व्हायचा, भोंगा वाजायचा आणि धूड मान खाली घालून उभं राहायचं. बारा सेकंद. मग पुन्हा सोळा.

"हे मधेच का झोपतंय?"

"झोपत नाही, गरम होऊ लागलं की बंद पडतं. सगळ्यांचंच पडतं."

"ते बारा सेकंद तू कागदावर कुठे धरलेस?"

तिने कागद जवळ ओढला. मग सावकाश म्हणाली, "ते कशाला धरायचे? तेव्हा मी मारतच नाही."

इथे मला थोडं थांबून एका मूर्ख बाईबद्दल सांगावं लागेल. ती बावीस वर्षांची होती, नवीन लग्न होऊन इकडे आली होती आणि भोसरीच्या एमआयडीसीत एका लहानशा वर्कशॉपात प्लास्टिकच्या मशीनवर कामाला लागली होती. गाडीच्या दिव्यामागचं झाकण तिथे बनायचं. साच्यात पातळ प्लास्टिक भरायचं, साचा बंद असताना ते गार होऊ द्यायचं, मग दार उघडून झाकण काढायचं, कडेचं जास्तीचं ब्लेडने तासायचं. ह्यात हाताची कामं पटापट व्हायची. वेळ खायचं ते गार होणं. मशीनवर त्यासाठी एक टायमर होता, वीस सेकंदांचा. बाया त्या वीस सेकंदांत तासायच्या, पाठ सरळ करायच्या, एकमेकींच्या सासवांची मापं काढायच्या.

एक दिवस साहेब घड्याळ घेऊन आला. कोण किती वेगाने काम करतं ते बघून नॉर्म ठरवायला, म्हणजे एका शिफ्टला किती नग झालेच पाहिजेत तो आकडा. सगळ्या जुन्या बायांचे हात एकाएकी जड झाले. कुणाला ब्लेड सापडेना, कुणाच्या डोळ्यात काही गेलं. आणि ही आमची दीडशहाणी? हिला वाटलं, अरे वा, परीक्षा आहे. हिने पदर खोचला आणि कुणाचं लक्ष नाही असं बघून टायमर वीसचा चौदावर आणला. साहेब उभा होता तेवढा वेळ हिने अशी झाकणं काढली की काय सांगू. साहेब म्हणाला, शाब्बास. ती शाब्बासकी तिने घरी येऊन तीनदा सांगितली, एकदा तर सासऱ्यांना.

शिफ्टला आठशेचा नॉर्म होता तो साडेनऊशे झाला. ती झाकणं पेटीत गार होताना केळ्यासारखी वाकली, दोन दिवसांनी सगळी परत आली आणि टायमर पुन्हा वीसवर गेला. नॉर्म मात्र खाली आला नाही. साहेबाला विचारायचं कुणी, आणि सांगायचं काय? मग बाया पाणी प्यायला धावत जायच्या आणि धावत यायच्या. जेवणाच्या सुट्टीत हिच्याशेजारी कुणी बसेना. निघोज्याहून येणारी एक थोराड बाई होती, ती एवढंच बोलली, "घड्याळ आलं की हात जड करायचा असतो, येडे. तुला कुनी सांगितलं न्हाई व्हय?"

न्हाई सांगितलं. सांगावं लागतं हेच त्या बिचारीला माहीत नव्हतं. बिचारी म्हणते, पण खरं म्हणजे तिच्या दोन लगावाव्यात असं मला अजून वाटतं.

तर ते गार होणं कागदावर धरायचं असतं, एवढं मला त्या वाकड्या झाकणांनी शिकवलं होतं. मी नातीला म्हटलं, "सोळा सेकंद छत्तीसने मारलंस, म्हणजे किती?"

"पाचशे शहात्तर."

"आणि ते लागले किती सेकंदांत? सोळा आणि बारा."

तिने भागलं. साडेवीस. वरचे दीड नेम चुकल्याचे. मधले सतरा सापडले, ते जवळजवळ सगळे झोपेत गेले होते.

"आता दोन लहान तोफा काढून टाक," मी म्हटलं.

"आज्जी, तोफा काढून डॅमेज वाढत असतं होय?"

"मला काय माहीत. काढून तर बघ."

तिने काढल्या. त्यांच्या वजनाच्या जागी गार करणाऱ्या पट्ट्या बसवल्या, तसल्या मिळतात म्हणे त्या खेळात. कागदावर छत्तीसचे सव्वीस झाले, तिचा चेहरा पडला. मैदानात साडेएकवीस आले. तिने तोंडावर हात ठेवला. तोफा कमी म्हणून धूड कमी तापतं आणि कमी झोपतं, एवढंच मला अर्धवट कळलं होतं, पण मी मान अशी डोलावली की सगळं आधीपासून माहीत होतं.

मग तिची तीच सुटली. सगळ्या तोफा एकदम डागायच्या नाहीत, डावी मग उजवी, ताल धरून. तसं केलं की धूड झोपतच नाही. पंचवीस आले, पण कधी यायचे, कधी चोवीसवर अडायचे. मग तिने शोधलं की समोरच्याच्या गुडघ्याच्या सांध्यात लागलं की इजा जास्त धरतात.

"गुडघा म्हणजे काय ते ह्या खेळवाल्यांना बरोबर कळलंय," मी म्हटलं. जिना चढताना माझा उजवा अजून ओरडतो.

शनिवारी सलग चार वेळा साडेसत्तावीस. आणि तिथे माझ्या डोक्यात ती निघोज्याची बाई उभी राहिली. नातीला जवळ बसवून मी अगदी गंभीर होऊन सांगितलं की उद्या सगळं दाखवू नकोस. पंचवीस मागितलेत, पंचवीसच्या वर जरासं दे आणि हात जड कर. सत्तावीस दाखवशील तर पुढच्या महिन्यात सत्तावीस मागतील. तिला ते पटलं नाही, पण झाकणांची गोष्ट ऐकून ती घाबरली. हो म्हणाली.

रविवारी दुपारी तीन वाजता परीक्षा. मला ऐकू यावं म्हणून मी हट्टाने लॅपटॉपचा आवाज मोठा करायला लावला. टीमचा कॅप्टन हिंजवडीत नोकरीला होता, बोलणं गोड. बाकीचेही ऐकत होते. तिने मारायला सुरुवात केली. ताल छान, नेम छान. शेवटचे पंधरा सेकंद उरले आणि तिने माझ्याकडे पाहून हात उचलले. पंचवीस पॉइंट दोन.

"शेवटी काय झालं? नेट गेलं का?" कॅप्टनने विचारलं.

"नाही. थांबले."

"का?"

मी पंख्याकडे बघत होते.

"आज्जीने सांगितलं," ती म्हणाली.

तिकडे कुणीतरी फसकन हसलं. कॅप्टन म्हणाला, "आजी तिथे आहेत का?"

"आहे," मी म्हटलं. आता लपून काय करणार? "मला एक सांगा, तिने सत्तावीस दाखवले तर तुम्ही नॉर्म सत्तावीस करणार ना?"

"नॉर्म? अहो आजी, ही काय कंपनी आहे का? गेम आहे. इथे कुणी जास्त मारलं तर कुणाचं काय जातंय?"

"जातंय की भाऊ," दुसरा एक आवाज आला. जरा वयाचा, घोगरा. "मागच्या महिन्यात वीस होते. मी बावीस देत होतो. मग तुम्ही पंचवीस केले. माझंच गेलं ना."

हा माणूस दापोडीत टू-व्हीलरचं गॅरेज चालवायचा, रविवारी दुपारी शटर ओढून खेळायचा. हे मला नातीने नंतर सांगितलं. त्या क्षणी आम्हा दोघींना एवढंच कळलं की पाचवी जागा रिकामी नव्हती. तीत हा बसलेला होता.

"भावा, पर्सनल घेऊ नको," कॅप्टन म्हणाला. "वरच्या टीमसोबत खेळायचं तर एवढे लागतात."

"पर्सनल कुठे घेतोय. आकडा सांगितला."

मग कॅप्टन नातीला म्हणाला, अजून मारता येत असेल तर परत एकदा पूर्ण मार, अर्धवट परीक्षा मी धरत नाही. तिने आपला आवाज बंद केला आणि माझ्याकडे वळली.

"आज्जी, आता काय करू?"

गॅसच्या शेगडीपासून दुसऱ्यांच्या सुनांपर्यंत सगळ्यावर माझ्याकडे सल्ला तयार असतो. तेव्हा नव्हता. तिने पूर्ण मारलं तर त्या माणसाची जागा गेली. नाही मारलं तर ती लातूरला गेली. हात जड करायचा तो सोबतच्यांसाठी, पण इथे सोबतचा कोण तेच मला समजेना. भोसरीतल्या त्या बावीस वर्षांच्या बाईने एका सेकंदात उत्तर दिलं असतं आणि पदरही खोचला असता.

"मला नाही माहीत," मी म्हटलं.

माझ्या तोंडून हे तिने पहिल्यांदाच ऐकलं असावं. मग तिने आवाज चालू केला. "परत घ्या. पूर्ण मारते."

सत्तावीस पॉइंट सहा. कॅप्टन म्हणाला, मंगळवारपासून ये. गॅरेजवाला म्हणाला, "चांगलं मारलंस बेटा," आणि त्याचा आवाज बंद झाला.

मी शिरा करायला स्वयंपाकघरात गेले, कारण आनंदाच्या बातमीला तोच करायचा असतो, आणि ही आनंदाचीच बातमी होती. रवा भाजताना ती बाहेर कुणाला तरी फोन लावताना ऐकू आली. तिने कॅप्टनकडून गॅरेजवाल्याचा नंबर मागून घेतला होता. मी गॅस बारीक करून दारात आले.

"भैया, तुमच्या मेकवरल्या दोन तोफा काढा," ती सांगत होती. फोन तिने टेबलावर ठेवला होता, म्हणून त्याचंही ऐकू येत होतं.

"काढू? आधीच बावीस येतायत. तू मला घरी बसवायला निघालीस का?"

"तुमचं धूड एका दमात किती सेकंद बंद पडतं, मोजलंय का?"

"मोजायचं काय त्यात? गरम झालं की थांबणारच."

"तेच तर."

तिकडे तो स्वतःशीच सेकंद मोजताना ऐकू आला. मग तो हसायला लागला. "दिवसभर गिऱ्हाइकांना सांगतो, गाडी गरम होते तर वरून एक्सलेटर पिळू नका. आणि इथे येऊन मीच पिळतोय."

मधेच तिच्या आईचा फोन येत होता. तिने तो कापला, परत आला, परत कापला.

मी जवळ जाऊन हळूच विचारलं, "त्याचे अठ्ठावीस आले तर?"

तिने फोनवर हात ठेवला. "तर मला एकोणतीस आणावे लागतील."

"मग त्याला?"

"त्याला तीस."

"आणि मग?"

"आज्जी, मला ऐकू तर येऊ दे की."

तो तिकडून विचारत होता, आधी कुठली काढू, डावीकडची की उजवीकडची. तिने खुर्ची पुढे ओढली आणि त्याला पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली. मला आत रवा करपल्याचा वास आला.